दुसऱ्याच्या हातून

भद्रावतीला आयुध निर्माणीच्या वसाहतीला लागून काही नवी घरं झाली आहेत. त्यातल्या एका घराच्या वरच्या खोलीत नूतन दिवसभर कॉम्प्युटरसमोर बसून अमेरिकेतल्या माणसांचे आजार वाचायची. बी.एस्सी. झाल्यावर तिनं नागपूरला मेडिकल कोडिंगचा कोर्स केला होता आणि नागपुरातल्याच एका कंपनीचं काम ती घरून करायची. तिकडच्या दवाखान्यातल्या डॉक्टरानं जे लिहिलं असेल ते वाचायचं आणि प्रत्येक आजाराला, प्रत्येक इजेला ठरलेला कोड लावायचा. त्या कोडवर विमा कंपनी बिल मंजूर करते. या कामातला पहिला नियम म्हणजे डॉक्टरानं लिहिलं नाही ते आपल्या मनानं लावायचं नाही. रुग्णाची कितीही कीव आली तरी नाही.

औषधातून झालेल्या विषबाधेचे कोड तिला तोंडपाठ होते. औषध पोटात गेलं कसं, हे त्यातला एक आकडा सांगतो. चुकून गेलं, स्वतःच्या हातानं घेतलं, दुसऱ्याच्या हातून गेलं, की काहीच कळायला मार्ग नाही. आणि विष उतरल्यावरही अंगात काही कायमचं मागे राहिलं असेल तर कोडच्या शेवटी 'एस' हे अक्षर लागतं. तिची टीम लीडर माधवी नव्या मुलींना शिकवताना म्हणायची, "पूर ओसरला आणि घरात गाळ राह्यला, की एस."

नूतन हसरी होती, आणि भांडकुदळही. ती हसली की खाली रस्त्यावर ऐकू जायचं, भांडली की त्याच्याही पुढे. नवरा आदेश मात्र हळू आवाजाचा. गावात त्याचं औषधांचं दुकान होतं. कुणाला रात्री ताप आला तर शटर उघडून गोळी देणारा माणूस म्हणून लोक त्याचं नाव घ्यायचे. बायको काम करून थकते म्हणून संध्याकाळच्या जेवणात मठ्ठा तो स्वतः करायचा. जिरं भाजून, मीठ घालून, ग्लास तिच्या हातात आणून द्यायचा. शेजारच्या बाया म्हणायच्या, "नशीब काढलं पोरीनं."

मग कंपनीनं नूतनला वरची जागा देऊ केली. त्यासाठी काही महिने हैदराबादला राहावं लागणार होतं. आदेश म्हणाला, "नाई." नूतन म्हणाली, "मी जाणार." त्यावर घरात बरेच दिवस भांडण चाललं, आणि मग एकाएकी थांबलं. आदेशनं विषयच सोडून दिला. तो समजून गेला असं नूतनला वाटलं.

त्यानंतर तिची तब्येत बिघडायला लागली.

आधी नुसती झोप यायची. सकाळी उठली की उशी लाळेनं ओली. मग हात जड झाले, चालताना ते हलेचनात, फळीसारखे अंगाला चिकटून राहायचे. चेहरा दगडासारखा झाला. हसू आलं तरी ते चेहऱ्यापर्यंत पोचायचं नाही. आणि या सगळ्या मंदपणाच्या आत पायांत अशी काही तगमग सुरू झाली की तिला दोन मिनिटं खुर्चीवर बसवेना. ती गच्चीवर येरझारा घालायची. कशाची तरी भीती वाटायची, पण कशाची ते सांगता यायचं नाही. कोडिंगमध्ये चुका व्हायला लागल्या. माधवीनं फोन करून विचारलं, "नूतन, का झालं तुले? तू तर डोळे मिटून कोड लावायची."  हैदराबादला जमणार नाही असं नूतननं आपणच कळवून टाकलं.

गावातल्या डॉक्टरांनी अशक्तपणा सांगितला, रक्तवाढीच्या गोळ्या दिल्या.

"मी येडी होऊन राह्यली काय हो?" तिनं एकदा आदेशला विचारलं.

आदेशनं तिचा हात हातात घेतला. "टेन्शन घेऊ नको. मी आहे ना," तो म्हणाला, आणि मठ्ठ्याचा ग्लास तिच्याकडे सरकवला.

असेच कित्येक महिने गेले. पावसाळ्यात नूतनची आई, अंजनाबाई, घसरून पडली आणि तिचं मनगट मोडलं. अंजनाबाई भामरागडला एका आश्रमशाळेत स्वयंपाकाला होती. नूतनचे वडील वनखात्यात होते तेव्हापासून ती तिथेच राहायची. आई एकटी आहे, हाताला प्लास्टर आहे, म्हटल्यावर आदेशला नाही म्हणता आलं नाही. "चार दिवसांत वापस ये," एवढंच तो म्हणाला. नूतन आलापल्लीवरून शेवटच्या बसनं भामरागडला पोचली आणि तिच्या मागोमाग पाऊस कोसळला. पर्लकोटा नदीच्या पुलावर पाणी चढलं. बाजारात नावा आल्या. वीज गेली, मोबाइलचा टॉवर बंद पडला. कोणी येऊ शकत नव्हतं, कोणी जाऊ शकत नव्हतं.

त्या अडकलेल्या दिवसांत नूतनचं अंग मोकळं व्हायला लागलं. एका सकाळी ती जागी झाली ती कोरड्या उशीवर. पायांतली तगमग कमी झाली. आईबरोबर शाळेत काम करणारी माडिया बाई सोमारी पुराच्या पाण्यात वाहून आलेल्या कोंबडीची गोष्ट सांगत होती. ती ऐकताना नूतन हसली, तिचं जुनं, खालच्या रस्त्यापर्यंत जाणारं हसू. अंजनाबाईच्या डोळ्यांत पाणी आलं.

पण अंग सुटत गेलं तसं तोंड चाळवायला लागलं. आधी ओठांचा नुसता चंबू व्हायचा. मग जबडा आपोआप हलायला लागला, जीभ गालाच्या आत फिरायला लागली, मधूनच टोक बाहेर यायला लागलं. तिला ते थांबवता यायचं नाही. हातानं हनुवटी धरली तर बोटं पेटीवर फिरल्यासारखी नाचायची.

"खर्रा खाऊन राह्यली का वं?" आईनं रागानं विचारलं.

नूतननं तोंड उघडून दाखवलं. सुपारी नाही, तंबाखू नाही, तोंड रिकामं होतं. रिकामंच चावत होतं.

 सोमारीच्या गावात असं झालं तर पुजाऱ्याकडे नेतात. पण नूतनचं डोकं आता स्वच्छ झालं होतं, आणि तेच वाईट होतं, कारण हे तिनं वाचलं होतं. एकदा नाही, शंभरदा. भास, संताप, वेड यांवरची काही औषधं असतात. ती महिनोन् महिने पोटात गेली की काही माणसांचे ओठ-जीभ अशी फिरायला लागतात. औषध चालू असतं तोवर ते दबून राहतं, बंद केल्यावर उघडं पडतं. कधी जातं, कधी आयुष्यभर राहतं. अशा कितीतरी परक्या बायांच्या कागदांना तिनं कोड लावले होते.

चुलीसमोर बसल्या बसल्या ती एकेक शक्यता तपासायला लागली. असं औषध तिला कोणत्याही डॉक्टरानं दिलं नव्हतं. चुकून एकदा जाईल, रोज कसं जाईल? स्वतःच्या हातानं तिनं घेतलं नव्हतं. मग दुसऱ्याच्या हातून. आणि घरात दुसरे हात एकाच माणसाचे होते.

तिला ते खरं वाटेना. तो मठ्ठ्याचा ग्लास, शेजारच्या बायांचं कौतुक, 'मी आहे ना' म्हणताना त्यानं धरलेला हात, हे सगळं तिला आठवत राहिलं. तिनं आईला काही सांगितलं नाही. आपलंच डोकं फिरलं असेल तर? देवमाणूस नवऱ्यावर असा आळ घेणाऱ्या बाईला तिनं स्वतः तरी काय म्हटलं असतं?

पाणी उतरलं, टॉवर सुरू झाला, आणि पहिला फोन आदेशचा आला. घरात पाणी शिरलं का, सासूचा, म्हणजे मामींचा, हात कसा आहे, हे त्यानं विचारलं नाही.

"झोप येते का तुले?" तो म्हणाला. "डोस्कं शांत आहे ना? भांडून तर नाई राह्यली कोनाशी?"

"येते झोप," नूतन खोटं बोलली.

"मी येतो घ्याले."

तो दुसऱ्याच दिवशी दुपारी मोटारसायकलवर आला, चिखलानं भरलेला. अंगणात आल्यावर त्यानं नूतनकडे पाहिलं. तिची जीभ ओठांवरून फिरत होती, जबडा हलत होता. इतक्या दिवसांत ज्यांनी ज्यांनी तिला पाहिलं होतं, त्या प्रत्येकानं 'हे का झालं?' असं विचारलं होतं. शाळेतल्या पोरांनी, किराणावाल्यानं, नाववाल्यानंसुद्धा. आदेशनं विचारलं नाही. त्यानं क्षणभर तिच्या तोंडाकडे पाहिलं, आणि नजर वळवून पाय धुवायला गेला.

तेव्हा नूतनची खात्री झाली. 

येताना त्यानं बाजारातून दही आणलं होतं. "मामींच्या हाताले पलस्तर आहे, मठ्ठा मीच करतो," म्हणत तो ओट्याशी उभा राहिला. त्याची पाठ नूतनकडे होती. तिला काही दिसलं नाही, फक्त चमचा ढवळल्याचा आवाज येत राहिला. जेवताना त्यानं एक ग्लास अंजनाबाईपुढे ठेवला, एक स्वतःपुढे, आणि एक नूतनच्या हातात दिला. सोमारी उंबऱ्याशी बसून तांदूळ निवडत होती.

"पी," आदेश म्हणाला.

"तुम्ही प्या हा," नूतन म्हणाली. 

"माह्याजवळ आहे नं."

"तो मले द्या. हा तुम्ही प्या."

आदेश हसला, पण त्यानं हात पुढे केला नाही. अंजनाबाईला हा नवरा-बायकोचा रुसवा वाटला. "एवढं केलं त्यानं, तं पी नं वं," ती म्हणाली. आणि तरीही नूतन पिईना तेव्हा, "आण, मी पिते, उगाच वाया नको," म्हणून तिनं डाव्या हातानं तो ग्लास उचलायला घेतला.

नूतननं ग्लासवर तळहात दाबला. "आई, नाई!"

ती इतक्या जोरानं ओरडली की अंगणातल्या कोंबड्या उडाल्या.  अंजनाबाईनं लेकीचं थरथरणारं तोंड पाहिलं, मग जावयाचा चेहरा पाहिला. आयुष्यभर शंभर पोरांची ताटं वाढलेली बाई होती ती. हात तिनं हळूच मागे घेतला.

"यात का टाकलं जावईबापू?"

 आदेश त्याच हळू आवाजात बोलला, दुकानात गिऱ्हाइकाला गोळी समजावून सांगावी तसा. "जहर नाई देलं मामी. औषधच आहे. दुकानात बाया येतात, बेवड्या नवऱ्याले भाजीत टाकून देतात, घरं सुधरतात. इच्या डोस्क्यात हैदराबाद घुसलं होतं. आदळआपट, बोंबाबोंब. मंग कशी शांत झाली होती, विचारा इलेच. संसार वाचला ना?"

नूतनला रडू आलं नाही. तिला फक्त दार किती लांब आहे ते दिसत होतं, आणि दार आणि ती यांच्यामध्ये आदेश बसला होता.

उठली ती सोमारी. तिनं कोपऱ्यातली प्लास्टिकची बाटली घेतली, नूतनचा ग्लास उचलला आणि त्यातला मठ्ठा बाटलीत ओतून झाकण लावलं. "हा ठेवते बाई," ती म्हणाली, आणि बाटली पदराखाली घेऊन बाहेर निघून गेली. आदेश उभा राहिला. पण बाहेर वाडीतली माणसं होती, आणि सोमारी त्यांच्याशी माडियात मोठ्यानं काहीतरी बोलत होती. तो थांबला. चप्पल घालताना नूतनला म्हणाला, "कोनाले सांगशीन तू? तोंड पाहून घे आपलं. लोकं तुलेच येडी म्हनतीन." मग मोटारसायकलचा आवाज दूर गेला.

पोलीस ठाणं चालत जाण्याइतकं जवळ होतं. नूतन गेली नाही. ती आईच्या घरात दार लावून बसली. दारासमोर गाडी थांबली की ती न्हाणीत जाऊन कडी लावायची. सोमारीनं तिच्यादेखत काढलेलं पाणीसुद्धा ती आधी हुंगून पाहायची. त्याचं बोलणं तिच्या आत जाऊन बसलं होतं: तोंड पाहून घे आपलं.

शेवटी अंजनाबाईच तिला घेऊन चंद्रपूरला मेंदूविकाराच्या डॉक्टरांकडे गेली. डॉक्टर बाई पन्नाशीच्या होत्या. त्यांनी नूतनला चालायला लावलं, बोटं नाकाला लावायला सांगितली, जिभेकडे बराच वेळ पाहिलं.

"हे औषधामुळेच झालंय," त्या म्हणाल्या. "कुणी दिलं होतं? कशासाठी चालू होतं?"

 डॉक्टर बाईंनी पेन हातात धरलं होतं. ते पेन ज्या शब्दावर टेकेल त्याचा अर्थ काय होतो, हे नूतनला माहीत होतं. 'औषधाचा दुष्परिणाम' असं लिहिलं तर औषध रीतसर दिलेलं होतं, तिनं ते जाणून घेतलं होतं, दोष कोणाचाच नाही. तो एक शब्द लिहिला की पोलीस नाही, कोर्ट नाही, आदेश पुन्हा दारात येण्याचं कारण नाही. आणि दुसरा शब्द, 'विषबाधा', लिहिला तर त्यातलं काहीच टळणार नव्हतं.

"दुष्परिणाम लिहून द्या मॅडम," ती म्हणाली. "मले फक्त हे तोंड थांबवाचं आहे."

"नूतन!" अंजनाबाई म्हणाली.

"तू नाई राहत त्याच्या गावात, आई! त्याचे सगळे ओळखीचे आहेत तिथी. माह्यावर कोन भरोसा ठेवल?"

डॉक्टर बाईंनी पेन खाली ठेवलं. "तुम्हाला काय झालंय ते मला दिसतंय. कसं झालं, ते मला दिसत नाही. ते तुम्ही सांगाल तसंच मी लिहू शकते. मी माझ्या मनानं भरणार नाही," त्या म्हणाल्या. "घाई नाही. बाहेर बसा. पेशंट संपले की बोलू."

नूतन बाहेर बाकावर बसली. समोर एक बाई आपल्या म्हाताऱ्या सासूला केळं भरवत होती. म्हातारीचे हात थरथरत होते, तिनं विश्वासानं तोंड उघडलं, केळं खाल्लं, पुन्हा तोंड उघडलं. नूतन पाहत राहिली. इतक्या वर्षांत तिनं हजारो कागद वाचले होते. त्यांतल्या कितीजणींनी डॉक्टरसमोर बसून असाच सोपा शब्द सांगितला असेल? कागदावर जे नव्हतं ते तिला कधी कळलंच नव्हतं. शेवटचा पेशंट बाहेर आला तेव्हा ती उठली. भीती होती तशीच होती. ती आत गेली आणि उभ्यानंच म्हणाली, "माह्या नवऱ्यानं देलं. मले न सांगता, जेवनात. लिहा."

डॉक्टर बाईंनी लिहिलं, आणि नियमाप्रमाणे पोलिसांना कळवलं. तक्रार चंद्रपुरात नोंदवून भद्रावतीला पाठवली गेली. सोमारीनं जपलेली बाटली तपासणीला गेली आणि त्यात ते औषध निघालं. आदेशला अटक झाली. त्याची आई कमळाबाई वरोऱ्याजवळच्या गावाहून फोन करून रडली: "पोरी, नवऱ्याले जेलात टाकते का कोनी? त्यानं तुले मारलं का कधी?" नूतननं फोन कानाला लावून सगळं ऐकून घेतलं. 'मारलं नाई' हे खरंच होतं, म्हणून तिनं फोन ठेवून दिला.

आदेश जामिनावर सुटला. तिच्या जवळ जायचं नाही अशी अट होती. नूतननं चंद्रपुरात बाबूपेठेत खोली घेतली. एकदा संध्याकाळी तिनं खिडकीतून पाहिलं तर समोरच्या हातगाडीवर तो फळं घेत होता. वर पाहिलंही नाही त्यानं. पिशवी घेऊन निघून गेला. ती पोलिसांत गेली, त्यांनी त्याला समज दिली. पण त्या आठवड्यात तिनं खोली बदलली, आणि नवा पत्ता आई आणि माधवी यांच्याशिवाय कोणालाही दिला नाही.

माधवीनं तिला कामावर ठेवलं. मीटिंगमध्ये कॅमेरा बंद ठेवायची सूट दिली. नव्या गोळ्यांनी तोंडाचं चाळवणं निम्म्यावर आलं. उरलेलं कदाचित जाणार नाही, असं डॉक्टर बाईंनी स्पष्ट सांगितलं. बाहेर जाताना नूतन मास्क लावते. लोकांनी दिलेला चहा घेत नाही, प्रसाद-खीर घेत नाही. कोणी आग्रह केला तर उठून निघून जाते.

साक्षीच्या दिवशी ती कोर्टात मास्क काढून उभी राहिली. आदेशच्या वकिलानं विचारलं, की तुम्ही मनोरुग्ण होतात म्हणून औषध सुरू होतं, हे खरं ना? नूतनची जीभ ओठांवर आली, परत गेली. बोलायला वेळ लागला, पण कोणी घाई केली नाही. "मनोरुग्ण असते तं मले दवाखान्यात नेलं असतं," ती म्हणाली. "मठ्ठ्यात नसतं टाकलं." कामापुरती मराठी येत असली तरी सोमारीची साक्ष दुभाष्यामार्फत माडियात झाली. ती आलापल्लीच्या पुढे पहिल्यांदाच आली होती, आणि साक्ष संपेपर्यंत तिनं अंजनाबाईच्या पदराचं टोक सोडलं नाही.

निकाल अजून लागलेला नाही.

कोर्टातून बाहेर पडल्यावर सोमारीनं लांबवरच्या वीज केंद्राच्या उंच चिमण्या पाहिल्या आणि विचारलं, एवढा धूर कशाचा, कोणतं रान जळून राह्यलं? नूतन तिला समजावून सांगायला लागली, कोळसा, वीज, भामरागडला जाणाऱ्या तारा. सांगता सांगता तिनं मागे वळून पाहिलं. जिन्यावरून वकील उतरत होते, आणि त्यांच्यामागे आदेश नव्हता. "नाई, रान नाई जळून राह्यलं," ती म्हणाली, आणि सोमारीचा हात घट्ट धरून बसस्टँडकडे निघाली.